आत्याबाईंचं पडणं

आमच्या आत्याबाईंना पडता यायचं. कुणी म्हणेल, त्यात काय विशेष, पडता कुणालाही येतं. पण आपण पडतो ते पाय घसरतो म्हणून, तोल जातो म्हणून. आत्याबाई ठरवून, हव्या त्या जागी, हव्या त्या बाजूवर पडायच्या आणि कपडे झटकून उठायच्या. तरुणपणी त्यांचं कामच ते होतं. चित्रपट मुके होते तेव्हा छोटे छोटे विनोदी चित्रपट निघायचे. कुणी शिडीवरून कोसळायचं, कुणाच्या डोक्यावर चुन्याची बादली उपडी व्हायची, एकाला मारलेली लाथ दुसऱ्याला बसायची आणि थिएटरातली माणसं पोट धरून हसायची. त्या कोसळणाऱ्यांपैकी एक आमच्या आत्याबाई.

आत्याबाई म्हणजे आमच्या ह्यांच्या आत्या. मी लग्न होऊन या घरात आले तेव्हा त्या सत्तरीला टेकल्या होत्या आणि त्यांच्या या कर्तबगारीबद्दल मला कुणी अवाक्षर सांगितलं नव्हतं. पहिल्याच आठवड्यात त्या स्टुलावर चढून वरच्या फळीवरचा डबा काढत होत्या. स्टूल कलंडलं. माझ्या हातात दुधाचं पातेलं होतं, ते तिथेच टाकून मी धावले. पोचते तो आत्याबाई जमिनीवर मांडी घालून बसलेल्या, डबा मांडीत, झाकण जागच्या जागी.

"अगं बाई! लागलं का हो?"

"कुणाला? मला?" त्या म्हणाल्या. "मी पडले नाही गं, उतरले." मग माझ्या मागे बघून म्हणाल्या, "दूध मात्र पडलं."

संध्याकाळी ह्यांना सांगितलं तर हे हसत सुटले. "अरे हो, तुला सांगायचं राहिलंच. आत्या पडते." एखाद्याला गोड चालत नाही हे सांगायचं राहून जावं, तसं.

पुढे कितीतरी दुपारी भाजी निवडता निवडता त्यांनी मला त्या दिवसांबद्दल सांगितलं. गोष्टी पुष्कळ आहेत. पण मी देवाचं नाव घेतल्याशिवाय चूल न पेटवणारी बाई, म्हणून की काय, मला त्यांतली एक सगळ्यांत जवळची वाटते. तिच्यात देवाचं नावही आहे आणि साबणाचा फेसही.

आत्याबाई आणि त्यांची आई दोघी एका मोठ्या धुलाईघरात कामाला होत्या. आईला घरात सगळे थोरल्या आई म्हणायचे. मी त्यांना फोटोतच पाहिलं. त्या फोटोतही त्या फोटो काढणाऱ्याला काहीतरी सुनावत असाव्यात असं वाटतं. वडील लवकर गेलेले, त्यामुळे मायलेकी शेजारी शेजारी उभ्या राहून दिवसभर इस्त्री करायच्या. पुढे वाफेचे हौद, पलीकडे कपडे पिळायचे रूळ आणि मागे मोठं अंगण. त्या अंगणावर काचेचं छप्पर होतं, पावसातही चादरी वाळाव्यात म्हणून. वरून उजेड भरपूर आणि खाली फरशी गुळगुळीत. सुट्टीच्या दिवशी ते अंगण एक चित्रपट कंपनी भाड्यानं घ्यायची. कंपनी म्हणजे तरी काय, एक मालक, एक कॅमेरा, खोट्या मिशा लावणारा एक नट आणि चार-दोन इकडून तिकडे पळणारी माणसं.

एकदा अशाच सुट्टीच्या दिवशी आत्याबाई राहिलेल्या चादरींची टोपली न्यायला अंगणात गेल्या. तिकडे त्या नटाची, म्हणजे मिशीवाल्यांची, पळापळ चालू होती. आत्याबाईंनी टोपली डोक्यावर घेतली, दोन पावलं टाकली आणि पाय साबणाच्या ओघळावर पडला. मग काय! अंगणाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत त्या घसरत गेल्या, मिशीवाल्यांच्या दोन पायांमधून पार झाल्या आणि भिंतीपाशी टोपलीत बसल्या. उठून त्यांनी जमलेल्या सगळ्यांची खरडपट्टी काढली. "फरशी पुसता येत नाही? माणसं आहात की म्हशी?" आवाज काही चित्रात उतरणार नव्हता. उतरले ते नुसते हातवारे. मालक टाळ्या वाजवत पुढे आला.

"बाई, पुढच्या सुट्टीला याल? असंच पडायला?"

"असंच कसं पडणार? ते पडणं माझं नव्हतं, साबणाचं होतं."

"मग तुमचं पडून दाखवा."

असं ते सुरू झालं. आत्याबाई शिकल्या त्या मळक्या कपड्यांच्या ढिगावर. हनुवटी छातीला लावायची, श्वास सोडून द्यायचा, अंग कडक करायचं नाही. "आणि हाडावर पडायचं नाही," त्या मला सांगायच्या, "मांसावर पडायचं. देवानं मागे एवढं दिलंय ते कशाला?"

घरी आईला कळलं तेव्हा पुष्कळ आदळआपट झाली. पण मुलीचा चेहरा बघून थोरल्या आई शेवटी म्हणाल्या, "माझी मुलगी पडणार असेल तर माझ्या डोळ्यांदेखत पडेल." तेव्हापासून दर सुट्टीला अंगणाच्या कडेला एक खुर्ची मांडली जायची. थोरल्या आई तिच्यावर बसून मोजे रफू करायच्या. मुलगी खिडकीतून पडली तरी टाका चुकायचा नाही, फक्त डोळे वर व्हायचे, मुलगी हललीसं दिसलं की पुन्हा खाली.

आत्याबाईंना त्या कामाचं इतकं काय होतं, हे मी एकदा विचारलं होतं. त्या म्हणाल्या, "अगं, जन्मल्यापासून एकच ऐकत आलेले. नीट चाल, हळू चाल, सांभाळ. इस्त्रीपाशी तर हात जरा इकडचा तिकडे झाला की चटका. त्या अंगणात मला कुणी सांभाळ म्हणत नव्हतं. अंगातली सगळी भीती एका धप्प आवाजात बाहेर पडायची. मग आठवडाभर हलकं वाटायचं."

पण पाच-सहा चित्रपटांनंतर मालकाची तक्रार सुरू झाली. आत्याबाई पडायच्या आधी थांबायच्या. फळी कलली, शिडी डुगडुगली, आता ही जाणार असं सगळ्यांना दिसायचं आणि ह्या वरच उभ्या. खाली बघायच्या, फळीकडे बघायच्या, पुन्हा खाली बघायच्या आणि मग पडायच्या.

"तू पडतेस छान," मालक म्हणाला. तोवर तो अहोजाहोवरून अगंतुगंवर आला होता. "पण त्याआधी मुहूर्त बघतेस का? थिएटरवाला सांगत होता, तुझी पाळी आली की लोक जांभया देतात."

आत्याबाई कपडे झटकायला लागल्या.

"सर्कशीतला एक माणूस येऊन भेटलाय. एवढासा आहे, चिमटीत मावेल. पड म्हणायच्या आत जमिनीवर. आता हा जो चित्रपट करतोय ना, त्यात लोक हसले तर ठीक. नाही हसले तर पुढच्या वेळेपासून तो पडेल. तू दारात उभी राहून पाहुण्यांच्या टोप्या घे. तेही काम वाईट नाही, कपडे स्वच्छ राहतात."

"कपडे स्वच्छ ठेवायचंच काम मी आठवडाभर करते, मालक," आत्याबाई म्हणाल्या. बोलायला बोलल्या, पण मनातून त्या पार खचल्या होत्या. कारण ते थांबणं त्यांच्या हातात नव्हतं. मला त्यांनी खरं कारण सांगितलं तेव्हा मी शेंगा सोलायची थांबले. "कला-बिला काही नाही गं. वर उभं राहिलं की मला भीती वाटायची. भीती सरेपर्यंत थांबायचे, सरली की पडायचे. ती लवकर कशी सरवायची?"

आता कॅमेऱ्याचं सांगते, नाहीतर पुढचं कळणार नाही. तेव्हाचा कॅमेरा म्हणजे तीन पायांवरची लाकडी पेटी आणि बाजूला एक हँडल. हँडल फिरवलं की आत रीळ सरकायचं. ते एकसारखं फिरायला हवं, कमी नाही, जास्त नाही. कुणी त्यासाठी मनात आकडे म्हणायचे, कुणी शीळ घालायचे. या कंपनीत कॅमेऱ्यावर एक उंच, अबोल गृहस्थ होते, त्यांना सगळे हँडलवालेच म्हणायचे. ते आकड्यांच्या भानगडीत पडत नसत. ते सकाळची प्रार्थना म्हणायचे. ओठांतल्या ओठांत, भरभर. एका शब्दाला एक फेरा. इतकी वर्षं त्यांनी हे केलं होतं की जीभ आणि हात एकाच दोरीला बांधल्यासारखे झाले होते. ते हाताकडे बघतही नसत.

थोरल्या आईंना लांबून एवढंच दिसायचं की हा माणूस सारखा पुटपुटतोय. "तो कुणाला शिव्या देत असतो गं?" असं त्यांनी लेकीला विचारलंही होतं. आत्याबाईंचा निकाल लावणाऱ्या त्या चित्रपटात हौद होता, फेस उडणार होता, म्हणून त्यांची खुर्ची उचलून कॅमेऱ्याजवळ ठेवली. मिशीवाले आपली भोक पडलेली विजार हातात घेऊन धावले, हँडल फिरायला लागलं आणि थोरल्या आईंच्या कानावर शब्द आले. त्यांच्या हातातली सुई जागीच थांबली. हे तर त्यांचेच शब्द होते, रोज उजाडताना डोळे मिटून म्हणायचे.

"अहो, जरा इकडे या," हँडल थांबताच त्या म्हणाल्या.

हँडलवाले टोपी काढून समोर उभे राहिले.

"तुम्ही हे काय म्हणत होता?"

"प्रार्थना, बाई. सकाळची."

"ती प्रार्थना होती? मला वाटलं, तुमच्या मागे कुत्रं लागलंय."

"वेग धरायला लागतो ना, बाई. हात एकसारखा—"

"हाताचं हात बघेल. तोंडाचं काय? अर्धे शब्द तर गिळलेत तुम्ही. जेवला नाहीत का सकाळी?"

आजूबाजूचे हसू दाबत होते. हँडलवाल्यांचे कान लाल झाले.

"आईनं असं शिकवलं होतं?"

हँडलवाले खाली बघत म्हणाले, "नाही. आई फार सावकाश म्हणायची."

"मग?"

ते परत कॅमेऱ्याशी गेले आणि पुन्हा हँडल धरलं तेव्हा त्यांनी प्रार्थना म्हटली ती त्यांच्या आईसारखी. एकेक शब्द पुरता उच्चारून, ओळ संपली की श्वास घेऊन. थोरल्या आईंनी मान डोलावली आणि मोजा उचलला. हातानंही आपलं इमान राखलं. जीभ सावकाश झाली तसा हातही सावकाश झाला, पण ते कुणाच्या लक्षात आलं नाही. सगळ्यांचे डोळे मिशीवाल्यांवर होते. ते शिडीत अडकले होते आणि मिशी शिडीला चिकटली होती.

आत्याबाईंचं पडणं सगळ्यांत शेवटी होतं. साबणाच्या हौदावर एक फळी टाकलेली. हातात घडी केलेल्या चादरींचा डोक्याच्या वर जाईल एवढा ढीग घेऊन त्या फळीवरून चालत येणार, पलीकडच्या टोकावर उभे असलेले मिशीवाले उडी मारून उतरणार आणि फळी उलटणार. ठरल्याप्रमाणे मिशीवाले उतरले. फळी कलली. आत्याबाई ढिगाच्या बाजूनं डोकावल्या, खाली फेस बघितला आणि थांबल्या. "त्या दिवशी तर आणखीच थांबले," त्या सांगायच्या. "इतकं शांत, गोड म्हणत होते ते. ऐकतच राहावंसं वाटलं." मालक दातओठ खात होता. शेवटी कडवं मध्यावर असताना त्या हौदात गेल्या. फेस छपरापर्यंत उडाला, थोड्याफार चादरी थोरल्या आईंच्या मांडीवर येऊन पडल्या.

"टोप्या घ्यायची तयारी ठेव," मालक एवढंच म्हणाला. मग रिळाचा डबा उघडून बघितला आणि त्याचा चेहरा जरा उजळला. "अरे वा, आज रीळ चांगलंच उरलं! काय काटकसर केलीत हो हँडलवाले!"

हँडलवाल्यांनाही नवल वाटलं, पण कौतुक कुणी नाकारत नाही.

चित्रपट धुऊन, सुकवून थेट थिएटरात गेला. आधी बघायची सोयच नव्हती. पहिल्या दुपारच्या खेळाला मायलेकी गेल्या. आत्याबाई म्हणायच्या, "तसं बसणं मी पुन्हा कधी बसले नाही. फळीवर एवढी भ्यायले नव्हते." मालक मागच्या भिंतीला टेकून उभा, हँडलवाले दाराशी. थोरल्या आईंच्या दुसऱ्या बाजूला एक अनोळखी बाई होती, हातात बाजाराची पिशवी घेऊन बसलेली.

पडदा उजळला. चित्र जरा पांढुरकं होतं. मिशीवाले आले. आले म्हणजे काय, शेपटीला डबा बांधलेल्या मांजरासारखे सुटले. या दारातून आत, त्या खिडकीतून बाहेर, शिडीवर वर, शिडीवरून खाली. इस्त्रीवाल्या बायका हात हलवायला लागल्या तर हातांची चक्रं दिसेनात. पडद्याखाली बसून पियानो वाजवणारा गडबडून गेला, त्याची बोटं मिशीवाल्यांच्या पायांना गाठेनात.

"अरे, हे काय चालवलंय!" असं ओरडत मालक वरच्या, चित्र दाखवणाऱ्या मशीनच्या खोलीकडे पळाला. आवाज खालपर्यंत येत होता.

"हळू फिरव! माझ्या चित्राची वाट लावलीस!"

"मी रोजच्यासारखंच फिरवतोय. हात बघा ना माझा."

"मग माणसं अशी का धावतायत?"

"ते मला काय विचारता? तुमची माणसं आहेत."

आत्याबाईंनी तोंडावर हात घेतले. संपलं, त्यांना वाटलं. मेहनत सगळ्यांची गेली आणि आपली टोप्या घ्यायची नोकरी पक्की झाली. तेवढ्यात पुढच्या रांगेत कुणीतरी फिसकन हसलं. मग मागे कुणी हसलं. मिशी शिडीला चिकटली तेव्हा एका माणसाच्या हसण्याचा असा काही आवाज आला की सगळं थिएटर त्या आवाजालाच हसलं. आत्याबाईंनी बोटांच्या फटीतून बघितलं. पडद्यावर त्यांची स्वतःची आकृती तुरुतुरु फळीवर चढली. मिशीवाले टुणकन उतरले. फळी कलली.

आणि पडद्यावरच्या त्या भोवऱ्यात एकच बाई थांबली.

सगळं जग धावतंय आणि ही उभी. खाली बघते, फळीकडे बघते, पुन्हा खाली बघते. इतर वेळी जे फार लांबायचं ते आता, सगळं भरभर सरकत असल्यामुळे, श्वास रोखून धरण्याएवढंच उरलं होतं. हसू थांबलं. "अगं, नको! मागे हो!" कुणीतरी ओरडलं. बाजाराच्या पिशवीवाल्या बाईनं थोरल्या आईंचा हात घट्ट धरला. आणि मग धप्प. फेसच फेस, वर चादरींचा पाऊस. थिएटर असं हसलं की पिशवीतले कांदे खाली घरंगळले आणि ते गोळा करायला वाकलेली माणसं वर उठायचं विसरून तिथेच हसत बसली.

बाहेर आल्यावर फुटपाथवर हँडलवाले उभे दिसले. त्यांचा उजवा हात हवेत गोल गोल फिरत होता आणि ओठ हलत होते. आधी भरभर, मग सावकाश, मग पुन्हा भरभर. जाणारे-येणारे वळून बघत होते. मालक धावत आला तसा त्यांनी हात थांबवला.

"मालक, चूक माझी. ह्या बाईंनी सांगितलं म्हणून मी प्रार्थना सावकाश म्हटली. जीभ सावकाश तर हातही सावकाश. सावकाश फिरवलं की चित्रं कमी उतरतात. म्हणून तर रीळ उरलं. इथलं मशीन आपल्या नेहमीच्या चालीनं फिरलं. चित्रं थोडी आणि चाल तीच, मग माणसं धावणारच."

दुसऱ्या कंपन्यांना ही युक्ती कदाचित कधीची ठाऊक असेल, पण त्या अंगणात ती कुणाला ठाऊक नव्हती. मालक हँडलवाल्यांकडे बघत राहिला, मग थिएटरच्या दाराकडे. तिथे पुढच्या खेळाची रांग लागायला लागली होती.

"म्हणजे तुम्ही पुढच्या वेळीही सावकाश म्हणाल?"

"कुणी काही म्हणणार नाही," थोरल्या आई म्हणाल्या. "देवाचं नाव तुमच्या फेसात बुडवायला नाही. चल गं घरी. ही आता येणार नाही."

आत्याबाई जागच्या हलल्या नाहीत. थिएटरभर हसू ऐकून त्यांना अर्धा तासही झाला नव्हता. "मालकांनी काढलं असतं तर समजले असते गं," त्या मला म्हणाल्या, "पण लोक हसले आणि आईनंच काढलं!" मग त्या आईला म्हणाल्या, "आई, मी पडताना तू त्या बाईंचा हात धरला होतास."

"तिनं धरला होता."

"तू सोडवला नाहीस."

"सोडवत नव्हता. काय पकड होती तिची!"

तेवढ्यात तीच बाई पिशवी सावरत बाहेर आली, डोळे पुसत. आत्याबाईंना बघून थबकली. "अगं, तूच ना ती फळीवरची? लागलं नाही ना?" मग थोरल्या आईंकडे वळली. "तुमची लेक? नशीबवान आहात. मी उद्या जाऊबाईंना घेऊन येणार आहे. चूल वेगळी झाल्यापासून बोलत नाहीत माझ्याशी. पण फळी कलली की माझा हात धरतील, बघा. मग सोडतात कशा ते बघते." आणि एक कांदा थोरल्या आईंच्या हातात देऊन गेली. का दिला, हे त्या दोघींनाच ठाऊक.

थोरल्या आई कांदा हातात घेऊन उभ्या राहिल्या. मग हँडलवाल्यांना म्हणाल्या, "ही हौदात पडली तेव्हा प्रार्थना कुठवर आली होती?"

"तिसऱ्या ओळीत, बाई. ओळ अर्धी होती, तेवढ्यात धप्प झालं."

"तेच! तेच मला त्या दिवसापासून टोचतंय. लोक हसले तर हसू देत, देव काही रुसायचा नाही. पण त्याचं नाव अर्ध्यावर तोडून हौदात उडी? हे मला चालायचं नाही." त्या मालकाकडे वळल्या. "कडवं पुरं होऊ द्यायचं. शेवटचा शब्द म्हणून झाला की मग ही पडेल. कबूल असेल तर येईल, नाहीतर तुमचा तो चिमटीतला माणूस आणा."

मालक हबकला. "पुरं कडवं? अहो बाई, तेवढा वेळ ही वर उभी राहून करणार काय?"

"भीत उभी राहीन," आत्याबाई म्हणाल्या. "ते मला येतं."

पुढे ती कंपनी चित्रपट बोलके होईपर्यंत चालली. मग कॅमेऱ्याला मोटर आली, नटांना बोलता यायला हवं झालं, आणि आत्याबाई पुन्हा इस्त्रीच्या टेबलाशी गेल्या, पुढे त्याच धुलाईघराच्या मुकादम झाल्या. सर्कशीतल्या माणसालाही कंपनीत जागा मिळाली होती, दारात टोप्या घ्यायची. पाहुणा उंबरठ्यावर यायच्या आत त्याची टोपी ह्याच्या हातात असायची. लोक त्यालाही हसायचे.

पण मला सांगायचंय ते त्या फुटपाथनंतरच्या पहिल्या सुट्टीचं. चुन्याची बादली टांगलेली उंच शिडी होती. थोरल्या आईंनी स्वतःहून खुर्ची कॅमेऱ्याला चिकटवून घेतली. हँडलवाल्यांवर सोडून चालणार नाही, मध्येच घाई केली तर, असं त्यांचं म्हणणं. प्रार्थना दोघांनी मिळून सुरू केली, हँडल फिरू लागलं. मिशीवाले खाली धडपडले, दोघं-तिघं एकमेकांवर आदळले, शिडीला धक्का बसला. वर आत्याबाई. शिडी एका बाजूला झुकली, बादली हिंदकळली. आत्याबाईंनी खाली बघितलं. बादलीकडे बघितलं. पुन्हा खाली बघितलं. मालक आपल्या टोपीची कड चावत होता. खाली दोन आवाज सावकाश, एकेक शब्द ठेवत पुढे चालले होते, दुसरी ओळ, तिसरी ओळ, चौथी. शेवटचा शब्द संपला.

थोरल्या आईंनी रफूचा मोजा मांडीवर ठेवला, वर बघितलं आणि म्हणाल्या, "हं, झालं. पड आता."